हरायला तयार नसलेली होडी

१९ सप्टेंबर, सोमवार

आधीच लिहून ठेवतो, म्हणजे उद्या कुणी मला बोल लावला तर माझ्याजवळ काहीतरी असेल. आज आमची होडी तीन वेळा जिंकली, आणि तिन्ही वेळा तिला हरायचं होतं.

दिग्दर्शक एल्दोचेट्टन, म्हणजे आमचे एल्दोदादा, यांच्या सिनेमाचं बाकी सगळं चित्रीकरण आटोपलं आहे. घरातले प्रसंग झाले, चहाच्या टपरीतले झाले, ताडीच्या दुकानातला मारामारीचा झाला. उरली फक्त शर्यत. गोष्ट सोपी आहे. आमच्या नेडुंकरीची होडी शेजारच्या तुरुत्तेल गावाकडून हरते. हरलेल्या होडीतला एक वल्हेकरी घरी येतो. त्या संध्याकाळी त्याच्या घरात जे होतं, तोच सिनेमा. होडी हरलीच नाही तर त्या माणसाला घरी येऊन गप्प बसायचं काही कारणच उरत नाही.

एल्दोचेट्टनचा हट्ट असा की गाव खरं, होडी खरी, माणसं खरी. नट एकच, तो मधल्या फळीवर बसतो. बाकी सगळे आमचेच लोक. होडीच्या मागच्या उंच टोकावर उभं राहून तिला दिशा देणारे सुकाण्याही खरे, म्हणजे माझे वडील, अच्छन. माझ्या कामाला नाव नाही. माणसं गोळा करणं, त्यांना वेळेवर आणणं, कालच्या दृश्यात कुणाच्या अंगात कुठला शर्ट होता ते टिपून ठेवणं. कामाचा रोजचा कागद येतो त्यात गावाचं नाव चुकीचं असतं, तेही मीच सुधारतो.

पहिल्या टेकला मला वाटलं, चुकून झालं. गाणं सुरू झालं की हात आपोआप चालतात. दुसऱ्या टेकला एल्दोचेट्टन स्वतः काठावर येऊन हात जोडून सांगून गेले. तिसऱ्याला तर उत्तमन जिंकल्यावर उभा राहून छाती ठोकत होता. उत्तमन पुढच्या फळीवर बसतो, आणि त्याच्या जिभेला वल्ह्यापेक्षा जास्त जोर आहे.

"उत्तमा, हरायचं होतं ना रे?" एल्दोचेट्टननी विचारलं.

"हरतच होतो चेट्टा. अगदी मन लावून हरत होतो. तेवढ्यात तुरुत्तेलवाले हसले."

"हसले तर हसू द्यायचं."

"तुमच्याकडे कोदमंगलमला देत असतील."

"आणि तो नट मध्ये बसलाय, त्याला धड वल्हवता येत नाही. तरी जिंकलात?"

"त्याला आम्ही सामान म्हणून धरलं होतं," उत्तमन म्हणाला.

सगळे हसले. मला हसू आलं नाही. संध्याकाळी एल्दोचेट्टननी मला बाजूला घेतलं. तुरुत्तेलची होडी शनिवारी परत जाणार. तोवर झालं नाही तर शर्यत कापून टाकायची आणि नुसते आवाज ऐकवायचे, असं त्यांनी ठरवलं आहे. "आणि प्रसेना, तुला मी कोच्चीला असिस्टंट म्हणून नेणार आहे, हे मी विसरलेलो नाही. पण ज्याला स्वतःच्या बापाची होडी हरवता येत नाही, त्याला मी तिथे सांगू काय?"

बारावीत दोनदा नापास झालेल्या माणसाला कोच्चीला कोण बोलावतं? एवढं एकच दार आहे, आणि त्याच्यात आमची होडी आडवी पडली आहे.

२० सप्टेंबर, मंगळवार

वाचनालयात बैठक झाली. मला वाटलं होतं, पाव तासात आटपेल. नोंदवून ठेवण्यासारखी गोष्ट ही, की नेडुंकरीत प्रत्येकाजवळ स्वतःची एक पटकथा आहे, आणि ती तो आजवर फक्त कुणी विचारलं नाही म्हणून गप्प ठेवून होता.

बोट क्लबचे अध्यक्ष वर्कीच्चन पहिले उठले. सत्तरीचे आहेत, आवाज मात्र शर्यतीचा. "हरायला आमची ना नाही. पण हरण्याला कारण पाहिजे. वल्हं तुटू दे."

"वल्हं तुटलं तर गोष्टच बदलते," एल्दोचेट्टन म्हणाले.

"मग तुरुत्तेलने लबाडी केली असं दाखवा."

"त्यांचीच होडी आणलीय आपण."

"म्हणूनच म्हणतो. लबाडी शिकवावी लागणार नाही."

मागून कुणी म्हणालं, शेवटी एका ओळीत लिहा की प्रत्यक्षात नेडुंकरी जिंकली होती. कुणी म्हणालं, नायकाला बहीण द्या, बहिणीशिवाय रडू येत नाही. पक्षाच्या शाखेचा सेक्रेटरी म्हणाला, हरण्यामागे समाजातली विषमता दिसली पाहिजे. मी सगळं टिपत होतो. त्यातच तुरुत्तेलच्या कप्तानाचा फोन आला. तो स्पीकरवर लावला. त्याचं म्हणणं, भिकेत मिळालेली शर्यत त्यांनाही नको, कालपासून गावात तोंड दाखवायची लाज वाटते आहे.

"कारण काहीच नाही," एल्दोचेट्टन शेवटी म्हणाले. "ते नुसते हरतात. माणूस हरतो तसे."

"तसं होत नाही," वर्कीच्चन म्हणाले. "कारण असतंच. सुकाण्या असतो."

सगळे हसून मागे वळले. अच्छन शेवटच्या बाकावर होते. आमच्याकडे ही रीतच आहे. होडी जिंकली तर गावाने जिंकली, हरली तर सुकाण्याने हरवली. हरल्यावर काही दिवस त्याच्याशेजारी चहालाही कुणी बसत नाही.  अच्छन कमरेचा मुंडू सावरून उठले आणि बाहेर गेले.

मग एल्दोचेट्टननी संध्याकाळचा प्रसंग वाचून दाखवला. नवरा घरी येतो, बायको काही विचारत नाही, पेजेची वाटी पुढे ठेवते आणि दिवा लावायच्या निमित्ताने बाहेर जाते.  उत्तमन म्हणाला, "हे माझ्या घरचं आहे. कुणी सांगितलं?"

"कुणी नाही. सगळ्यांच्याच घरी असं होतं."

"पेज नाही," मागच्या बाजूने अम्मा म्हणाली. "हरल्याच्या दिवशी घरात मासे करायचे. नाहीतर शेजारीण म्हणेल, यांच्याकडे सुतक पडलं."

"माझ्या सासूने पेजच दिली होती," दुसरी म्हणाली.

"तुझ्या सासूचं काय सांगतेस? ती जिंकल्यावरही पेजच द्यायची."

माशांवरून एवढा वेळ गेला की बाहेर अंधार पडला. एल्दोचेट्टन कपाळाला हात लावून बसले होते. पण शेवटी म्हणाले, प्रसंग पुन्हा घेऊ, मासे ठेवू. त्या एका वाक्यावर सगळं गाव विरघळलं. हात वर करून मतदान झालं. नेडुंकरी हरायला तयार आहे.

२२ सप्टेंबर, गुरुवार

काल पाऊस. आज जिंकलो.

हे मी शांतपणे लिहू शकत नाही, म्हणून थोडा वेळ थांबून पुन्हा लिहायला बसलो आहे. मतदान झालं होतं. गाणं संथ निवडलं होतं. काठावरच्या लोकांना ओरडायची बंदी होती. तरी होडी वळणापर्यंत बरोबरीने आली आणि वळण संपताना पुढे निघून गेली.

उत्तमनला मी काठावरच गाठलं. त्याने आईची शपथ घेतली. "प्रसेना, मी वल्हं नुसतं भिजवत होतो रे. आम्ही सगळेच. होडी आपली आपण गेली."

होडी आपली आपण जात नाही. त्याच्या आईची मला काळजी वाटते.

तुरुत्तेलवाले भडकले. एल्दोचेट्टननी मॉनिटरवर तेच दृश्य पुन्हा पुन्हा बघितलं. वल्ही खरंच संथ होती. वळणावर होडी आतल्या बाजूने, काठाला जवळजवळ घासून गेली एवढंच. मी अच्छनना विचारलं.

"पाण्याची ओढ तशी आहे," ते म्हणाले.

"मग बाहेरून घ्या ना अच्छा."

"त्या वळणावर ओढ कुठल्या अंगाला असते, सांग बघू."

मी अंदाजाने एका अंगाला हात केला, तो चुकला. अच्छन म्हणाले, दोन वर्षं शिकवतोय. हे ते रागावून म्हणत नाहीत, आणि त्यानेच मला जास्त चीड येते. मागच्या टोकाची जागा आमच्या घराची आहे. आधी आजोबा, मग अच्छन, मग मी, असं कुणीतरी मला न विचारता ठरवलं आहे. तिथे उभं राहिलं की मला घेरी येते. हे मी त्यांना स्पष्ट सांगितलेलं आहे. ते म्हणतात, पाय शिकतात.

आता सगळं माझ्या लक्षात आलं आहे. अच्छनना पडद्यावर हरलेलं दिसायचं नाही. थिएटरात अख्खं जग बघणार, आणि होडी हरली की लोक बोट त्यांच्याकडेच दाखवणार. इतक्या वर्षांचा मान. एका माणसाच्या मानासाठी चाळीस लोकांचं युनिट उन्हात उभं आहे.

घरी आल्यावर अम्माला म्हटलं, "अच्छन हरत का नाहीत?"

ती मासे साफ करत होती. "शर्यत झाली की तू केव्हा जाणार?"

"लगेच. युनिटबरोबरच."

"मग?" असं म्हणून ती पुन्हा माशांकडे वळली.

अम्माला सरळ विचारलं तर सरळ उत्तर कधी मिळत नाही.

२३ सप्टेंबर, शुक्रवार

जिंकलो.

संध्याकाळी, पुढचं. दुपारी तुरुत्तेलचा कप्तान सांगून गेला की उद्या दुपारनंतर होडी नेणार. एल्दोचेट्टन माझ्याशी बोलले नाहीत. कॅमेऱ्याच्या माणसांनी सामान बांधायच्या पेट्या काढल्या. चहाच्या टपरीवर उत्तमन म्हणाला, सिनेमाचं नाव बदला, "पराभव" नको, "मिरवणूक" ठेवा. मी चहा तसाच टाकून निघालो.

अच्छन होडीच्या शेडमध्ये लांब वल्ह्याला तेल चोळत होते. उजेड थोडाच होता. मी उभ्यानेच म्हटलं, "अच्छा, उद्या शेवटचा दिवस. उद्या हरा."

"हं."

"हं म्हणजे?"

"ऐकलं."

"लोक बोलतील म्हणून भिता? सिनेमा आहे तो. एवढं कळतं लोकांना."

"लोकांचं काय. लोक बोलतच आलेत."

"मग अडचण काय आहे?"

ते तेल चोळत राहिले. मला आवरलं नाही. मी म्हटलं, "तुम्हाला मी इथेच पाहिजे. या चिखलात, या टोकावर. बारावीत दोनदा नापास झालो तेव्हा तुम्ही एका शब्दानेही रागावला नाहीत. आता कळतंय मला का ते."

हे मी संतापात बोललो आणि ते खरं नाही, हे इथे नमूद करतो. ते रागावले नाहीत कारण त्यांची माझ्याकडून काही अपेक्षाच नव्हती. ते मला फार आधीपासून माहीत आहे.

अच्छननी वल्हं भिंतीला टेकवून ठेवलं. म्हणाले, "मोने, बाळा, कोच्चीत राहायची जागा कुठे आहे?"

"एल्दोचेट्टनच्या ऑफिसच्या वर खोली आहे. चौघं राहतात."

"पाणी?"

"कसलं पाणी?"

"प्यायचं. तिथलं खारट असतं म्हणतात."

"बाटल्या असतात अच्छा."

"जेवणाचं काय?"

मी तिथून निघालो. आमच्या कुट्टनाडच्या माणसाला चारी बाजूंनी पाणी आणि प्यायला नाही, म्हणून तो जगात कुठेही पाण्याचीच चौकशी करणार, हे मी समजू शकतो. पण मी शर्यतीचं बोलत होतो. माझं अख्खं आयुष्य उद्यावर टांगलेलं, आणि हे विचारतात जेवणाचं काय.

२४ सप्टेंबर, शनिवार

हरलो.

सविस्तर लिहितो. कॅमेरा वळणावरच्या काठावर लाकडी मचाणावर होता. मी शेजारी लाल झेंडा घेऊन उभा. झेंडा खाली आला की तिकडे गाणं सुरू. दोन्ही होड्या दिसू लागल्या तेव्हा पाहिलं, आमची माणसं संथ नव्हती. जीव तोडून वल्हवत होती. उत्तमन तर फळीवरून अर्धा उठला होता. त्याने नंतर कबूल केलं. "शेवटचा दिवस होता रे. म्हटलं सिनेमा गेला खड्ड्यात, तुरुत्तेलला एकदा शेवटचं दाखवू. आम्ही सगळ्यांनी रात्रीच ठरवलं होतं."

मतदान केलेली माणसं ही.

वळणाच्या तोंडाशी आम्ही पुढे होतो. मी झेंड्याची काठी घट्ट धरली होती, एवढंच आठवतं. आणि मग होडी वळणावर बाहेर गेली. आत वळली नाही, रुंद, संथ पाण्यात गेली, जिथे ओढ नाही. इतकी सावकाश गेली की वल्हेकऱ्यांना कळलंही नाही. ते तसेच जोरात वल्हवत राहिले, आणि तुरुत्तेलची होडी आतून पुढे निघून गेली. अर्ध्या होडीने हरलो. काठावरून कुणी ओरडलं नाही.

एल्दोचेट्टननी कॅमेरा थांबवला नाही. बराच वेळ. मग माझ्या खांद्यावर हात टाकून म्हणाले, "काय सांगितलंस रे बापाला?"

"काही नाही," मी म्हटलं. खरंच काही सांगितलं नव्हतं. उलट भांडलो होतो.

आता मला राग येतो तो याचा. हे जर एका फटक्यात करता येत होतं, तर सोमवारी का नाही केलं? पाच दिवस, एवढी माणसं, तुरुत्तेलवाल्यांच्या शिव्या. उन्हाची दिशा बदलली म्हणून एल्दोचेट्टननी आणखी एकदा मागितलं, तर अच्छन म्हणाले, "एकदा झालं ते झालं." आणि होडीतून उतरले.

आणि गाव. सिनेमा आहे हे माहीत असलेलं, हात वर करून हरायला तयार झालेलं गाव. उत्तमन होडीतून उतरताना सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "आशान झोपले होते काय?" सुकाण्याला गावात सगळे आशान, म्हणजे गुरू, म्हणतात. टपरीवर अच्छन बसले त्या बाकावर कुणी बसलं नाही. वर्कीच्चननी आपला ग्लास उचलला आणि समोरच्या बाकावर जाऊन बसले. मी वर्कीच्चनना म्हटलं, "अहो, सिनेमा होता." ते म्हणाले, "होडी खरी होती ना?"

या लोकांपुढे डोकं आपटण्यात अर्थ नाही.

अम्माने रात्री करिमीन मासे तळले. सणासारखे. मी विचारलं नाही, मला भूक होती. अच्छननी स्वतःच्या पानातला मासा माझ्या पानात टाकला आणि हात धुवायला गेले.

२५ सप्टेंबर, रविवार

सकाळच्या सरकारी बोटीने निघालो. धक्क्यावर अम्मा होती. अच्छन नव्हते. होडी पाण्यातून वर ओढायची होती म्हणून पहाटेच शेडकडे गेले, असं अम्मा म्हणाली. रविवारी होडी वर ओढत नाहीत, हे तिला माहीत आहे आणि मलाही.

उत्तमन धक्क्यावर भेटला. कालचा राग उतरला होता. जरा अवघडून म्हणाला, "प्रसेना, तुला वाईट नाही ना वाटणार? आशाननी मला मागच्या टोकावर उभं राहायला सांगितलंय. पुढच्या मोसमापासून शिकवणार म्हणतात."

मी म्हटलं, "मला कशाला वाईट वाटेल? मला घेरीच येते."

बरंच झालं एका अर्थी. माझ्या डोक्यावरचं ओझं गेलं. पण ती जागा आमच्या घराची होती. द्यायची तर आधी मला विचारायचं होतं, एवढंच माझं म्हणणं.

बोट शेडच्या समोरून जाते. अच्छन कमरेएवढ्या पाण्यात उभे होते आणि होडीच्या पोटाचं शेवाळ हाताने खरवडत होते. बोटीने भोंगा दिला. वर बघायला काय हरकत होती? दोन सेकंदांचं काम.

३ ऑक्टोबर, सोमवार. कोच्ची

आज एडिटिंगच्या खोलीत माझा पहिला दिवस. प्रत्येक टेकमधल्या चुका टिपायचं काम मला दिलं आहे. शर्टाची बटणं, ग्लासातला चहा, घड्याळाची वेळ, असलं सगळं. हे काम मला जमतं. सकाळभर मी स्वच्छ अक्षरात तक्ता भरला. शर्यतीच्या शेवटच्या टेकपुढे मी लिहिलं: वळणावर सुकाण्या पाण्याकडे न बघता कॅमेऱ्याकडे बघतो. चूक. वापरता येणार नाही.

एल्दोचेट्टननी ते वाचलं आणि ते दृश्य लावलं. मोठ्या पडद्यावर अच्छनचा चेहरा मी कधी बघितला नव्हता. आधीच्या सगळ्या टेकमध्ये ते पुढे, पाण्याच्या ओढीकडे बघतात. या एकाच टेकमध्ये वल्हं सैल सोडतात आणि मान वळवतात. होडी बाहेर जाते, तुरुत्तेल पुढे जाते, आणि ते बघतच राहतात.

"कॅमेऱ्याकडे नाही बघत," एल्दोचेट्टन म्हणाले. "जरा डावीकडे. तिथे काय होतं?"

मी त्या दिवसाची माझी टिपणं काढली आणि दोनदा तपासली. कॅमेऱ्याच्या डावीकडे झेंडा घेऊन मी उभा होतो. दुसरं काही नव्हतं. तसं मी सांगितलं.

एल्दोचेट्टननी ते दृश्य पुन्हा एकदा लावलं. मग एडिटरला म्हणाले, "हे ठेवायचं. पूर्ण."

मी त्यांना म्हटलं, हे बरोबर होणार नाही. लोक म्हणतील, सुकाण्याचं लक्ष भलतीकडे होतं म्हणून होडी हरली.

"म्हणू देत," ते म्हणाले.

मी तक्त्यात "चूक" खोडलं नाही. चूक ती चूकच. फक्त पुढे लिहिलं, ठेवावी.